पॅसिफिक कोस्ट लीगचं हॉल ऑफ फेम: नापासांची यादी की आणखी काही?

पश्चिमवारा (धागाकर्ता)

गेल्या आठवड्यात क्रिकेटच्या धाग्यावर गाडी भरकटत बेसबॉलवर गेली, आणि कुणीतरी लिहून गेलं की मायनर लीगचं, म्हणजे अमेरिकेतल्या सर्वोच्च मेजर लीगच्या खालच्या स्पर्धांचं, हॉल ऑफ फेम (मानकरी खेळाडूंचं दालन) म्हणजे नापासांची गुणवत्ता यादी. वाक्य फर्मास आहे. पण निदान एका लीगच्या बाबतीत ते साफ गैरलागू आहे. का ते तिथे दोन ओळींत मावेना, म्हणून वेगळा धागा काढतोय.

ती लीग म्हणजे पॅसिफिक कोस्ट लीग, यापुढे पीसीएल. १९०३ ला सुरू झाली. पहिले सहा संघ लॉस एंजेलिस, सॅन फ्रान्सिस्को, ओकलंड, सॅक्रामेंटो, पोर्टलंड आणि सिएटल. त्या काळी मेजर लीगचा पश्चिमेकडचा शेवटचा मुक्काम सेंट लुइस, आणि १९५५ पर्यंत तो तसाच राहिला. संघ आगगाडीने फिरायचे, कॅलिफोर्निया कुणाला परवडणार? त्यामुळे इकडच्या माणसाला मेजर लीग म्हणजे पेपरात वाचायची गोष्ट. मैदानावर जाऊन, शेंगा खात, पंचाला शिव्या घालत बघायचं ते पीसीएल.

हवा चांगली असल्याने हंगाम लांबलचक. १९०५ ला सॅन फ्रान्सिस्को सील्सने २३० सामने खेळले, मेजर लीगमध्ये तेव्हा १५४ व्हायचे. जास्त महिने खेळ म्हणजे जास्त महिने पगार. कित्येक खेळाडूंना इथे मेजर लीगइतका किंवा त्याहून बरा पैसा मिळायचा, घर जवळ, थंडी नाही. अशी माणसं 'वर' जायला नाखूश असत यात नवल ते काय?

आता माझा लाडका माणूस. फ्रँक शेलेनबॅक. १९१८ आणि १९१९ ला मेजरच्या शिकागो व्हाइट सॉक्सकडून खेळलेला तरणाबांड पिचर, म्हणजे आपल्या भाषेत गोलंदाज. त्याचं हुकमी अस्त्र स्पिटबॉल. तोंडात स्लिपरी एल्म नावाच्या झाडाची साल चघळत राहायची, म्हणजे थुंकी बुळबुळीत होते. ती चेंडूच्या एका जागी लावायची, बोटं त्या ओल्या जागेवर ठेवून फेकायचं. चेंडू बोटांतून सटकतो, गिरक्या कमी घेतो आणि बॅटरच्या पुढ्यात आल्यावर धपकन खाली बसतो. १९२० ला मेजर लीगने यावर बंदी आणली. ज्यांचं पोटच त्यावर होतं अशा १७ जणांना मात्र निवृत्तीपर्यंत मुभा दिली. शेलेनबॅक त्या यादीत नव्हता, कारण यादी झाली तेव्हा तो मेजर लीगच्या कुठल्याच संघात नव्हता. तो पीसीएलमध्ये उतरला होता.

झालं. मेजरमध्ये परत जायचं तर हातातलं अस्त्र टाकून जायचं, आणि पीसीएलमध्ये राहिलं तर ते कायदेशीर. तो राहिला. १९३८ पर्यंत तिथे खेळला आणि पिचर म्हणून २९५ सामने जिंकले. त्या लीगमध्ये इतके कुणीच जिंकलेले नाहीत. १९३६ ला तो सॅन डिएगो पाद्रेसचा मॅनेजर होता, तेव्हा त्याच्या हाताखाली गावातलाच एक सतरा वर्षांचा काटकुळा पोरगा आला, टेड विल्यम्स, पुढे मेजरमधला थोर बॅटर झाला तोच.

शेलेनबॅकचं नाव पीसीएलच्या हॉल ऑफ फेममध्ये आहे. हे हॉल १९४२ ला स्थापन झालं, पहिली नावं १९४३ ला निवडली गेली. आणि ते काढलं कुणी, तर एका बेकरीवाल्याने! लॉस एंजेलिसचा पॉल हेल्म्स. त्याच्या बेकरीने १९३२ च्या ऑलिंपिकला पाव पुरवला होता. पुढे १९३६ ला त्याने बिल श्रोडरला हाताशी धरून हेल्म्स अ‍ॅथलेटिक फाउंडेशन काढलं, आणि त्या फाउंडेशनने हे हॉल. १९५७ नंतर ते बंद पडलं. २००३ ला लीगची शंभरी झाली तेव्हा पुन्हा सुरू केलं.

१९५७ च का, ते खाली प्रतिसादांत येईलच. तूर्तास एवढंच विचारतो: शेलेनबॅकला नापास म्हणायचं असेल तर कुठल्या परीक्षेत?

---

कोकणकडा

वाचतोय. बेसबॉलमधलं मला ओ की ठो कळत नाही, तरी स्पिटबॉलचा परिच्छेद दोनदा वाचला. आपल्याकडे कोविडपासून चेंडूला थुंकी लावायची बंदी आली तेव्हा गोलंदाज किती करवादले होते ते आठवलं.

एक बाळबोध शंका. मायनर लीग म्हणजे आपली रणजी का? आणि ट्रिपल-ए वगैरे काय भानगड असते?

---

पश्चिमवारा

@कोकणकडा, आजच्या घडीला मायनर लीगच्या चार पायऱ्या आहेत. वरची ट्रिपल-ए, मग डबल-ए, हाय-ए आणि सिंगल-ए. प्रत्येक मेजर लीग संघाचा प्रत्येक पायरीवर एकेक संघ बांधलेला. खेळाडू मालकीचे वरच्या संघाच्या. फोन आला की रात्रीतून बॅग भरायची. पीसीएल आता ट्रिपल-ए आहे. मी सॅक्रामेंटोला असतो, इथला रिव्हर कॅट्स हा संघ सॅन फ्रान्सिस्को जायंट्सचा.

पण जुनी पीसीएल अशी नव्हती. संघ बरेचसे स्वतंत्र मालकांचे. खेळाडू तयार करायचे, नाव झालं की पूर्वेकडे घसघशीत भावाने विकायचे, आणि ज्यांना विकायचं नाही त्यांना वर्षानुवर्षं ठेवायचे. जो डिमॅजियो बघा. सॅन फ्रान्सिस्कोचा कोळ्याचा पोरगा. १९३३ ला अठराव्या वर्षी सील्सकडून सलग ६१ सामन्यांत हिट मारली, म्हणजे दर सामन्यात निदान एकदा चेंडू टोलवून बेस गाठला. पुढे १९४१ ला मेजर लीगमध्ये त्याने केलेला ५६ चा विक्रम जगजाहीर आहे, पण त्याचा स्वतःचाच आकडा त्याआधी मोठा होता. ती ६१ ची मालिका तोडणारा ओकलंडचा एड वॉल्श ज्युनियर, म्हणजे मेजर लीगमधल्या एका नामांकित स्पिटबॉलवाल्याचा मुलगा. मग १९३४ ला टॅक्सीतून उतरताना डिमॅजियोचा गुडघा दुखावला, भाव कोसळला. मेजरच्या न्यूयॉर्क यांकीजने २५,००० डॉलर आणि पाच खेळाडू देऊन त्याला घेतलं, आणि वर अट अशी की १९३५ चा हंगाम तो सील्सकडेच खेळेल. त्या हंगामात तो .३९८ ने खेळला (ही बॅटिंगची सरासरी, म्हणजे हजार संधींमागे ३९८ हिट). सील्सने गिऱ्हाईकही पटवलं आणि अजिंक्यपदही घेतलं.

---

फिरकी_पटू

मला तर हे वाचताना पहिले पॅडी शिवलकरच आठवले. प्रथम श्रेणीत ५८९ बळी, आणि कसोटी एकही नाही. हरियाणाचे राजिंदर गोयल ७५० बळी घेऊन तसेच. दोघांच्याही वाटेत बेदी. मुंबईत, निदान शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर तरी, शिवलकरांना कुणी दुय्यम म्हटलं तर भांडण होईल. अशा लोकांसाठी आपल्याकडे वेगळं हॉल हवं की नको?

---

सांख्यिक

ते 'नापासांची गुणवत्ता यादी' वाक्य माझंच. मागे घेत नाही. :)

पश्चिमवारा, गोष्ट छान सांगता, पण आकडे बघू. टोनी लाझेरीने १९२५ ला सॉल्ट लेक सिटीकडून ६० होमरन (आपले षटकार म्हणा) मारले. मेजरमधल्या बेब रूथच्या गाजलेल्या ६० च्या दोन वर्षं आधी! पण कशात? १९७ सामन्यांत. आणि सॉल्ट लेक समुद्रसपाटीपासून चार हजार फुटांच्या वर, हवा विरळ, चेंडू उडतो. ऑक्स एकहार्ट १९३३ ला .४१४ ने खेळला. तोच माणूस मेजरमध्ये ५२ वेळा बॅट घेऊन उभा राहिला आणि दहा हिट मारल्या, .१९२. स्टीव्ह बिल्को १९५५, ५६, ५७ सलग तीन वर्षं लीगचा सर्वोत्तम खेळाडू. १९५६ ला ५५ होमरन, ५७ ला ५६. वर गेला की बारा वाजले.

पिचिंगचा दर्जा खालचा होता, मैदानं सोयीची होती, हंगाम लांब होता. अशा आकड्यांना हार घालायला हरकत नाही, पण मग त्या हाराला हॉल ऑफ फेम म्हणू नका.

---

मृण्मयी_सिएटल

पश्चिमवारा, मस्त विषय. माझी भर वेगळीच आहे.

सिएटलला 'फ्रेड हच' हे नाव इथल्या प्रत्येक मराठी घरात माहीत असतं. कुणी ना कुणी तिथे संशोधन करत असतं, नाहीतर उपचारासाठी कुणाला घेऊन गेलेलं असतं. कर्करोगावरची जगातल्या अव्वल संस्थांपैकी एक. पण हा फ्रेड कोण, हे विचारलं तर दहातले नऊ जण म्हणतात डॉक्टर असेल. डॉक्टर त्याचा भाऊ, बिल. फ्रेड हचिन्सन हा पिचर! सिएटलचाच. १९३८ ला सिएटल रेनियर्सकडून पीसीएलमध्ये २५ सामने जिंकला, हरला फक्त सात. एकोणिसाव्या वाढदिवसाला घरच्या मैदानावर एकोणिसावा विजय मिळवला, त्याच्या आठवणी म्हातारी माणसं काढायची असं आमच्या शेजारच्या आजी सांगत. पुढे डेट्रॉइटकडून मेजरमध्ये खेळला, सिनसिनाटीचा मॅनेजर झाला, आणि १९६४ ला फुप्फुसाच्या कर्करोगाने पंचेचाळिसाव्या वर्षी गेला. भावाने १९७५ ला त्याच्या नावाने ही संस्था उभी केली.

सांख्यिक, तुमच्या वहीत त्या २५ विजयांची किंमत कमी असेल. सिएटलच्या वहीत नाही. त्या गावाला १९६९ पर्यंत मेजर लीगचा संघच नव्हता, आणि तोही एका हंगामात दिवाळं काढून मिलवॉकीला गेला. गावाने ज्याला डोक्यावर घ्यायचं तो याच लीगमधून यायचा.

---

पश्चिमवारा

@सांख्यिक, दर्जा मेजरपेक्षा कमी होता हे मान्यच आहे. मी कुठे नाही म्हटलं? पण तुम्ही एकहार्ट निवडलात. मी बझ आर्लेट निवडतो.

ओकलंड ओक्सकडे १९१८ ला आला तो पिचर म्हणून. १९२० ला २९ सामने जिंकले. मग दंड दुखावला. संपला म्हणावं, तर गड्याने दोन्ही हातांनी बॅटिंग शिकून घेतली आणि आउटफिल्डमध्ये जाऊन होमरन ठोकायला लागला. पीसीएलमध्ये २५१, मायनर लीगमध्ये एकूण ४३२. १९३० ला ब्रुकलिनवाले त्याला घेणार अशी बोलणी चालू होती, तेवढ्यात एका पंचाशी बाचाबाची झाली. पंचाने हातातला मास्क हाणला, डोळ्यावर खोक पडली आणि सौदा फिसकटला. शेवटी १९३१ ला, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, फिलाडेल्फियाने मेजरमध्ये एक हंगाम दिला. काय केलं? .३१३ आणि १८ होमरन. हे नापासाचे आकडे आहेत का? क्षेत्ररक्षण गचाळ होतं म्हणून सोडून दिला. पुढच्या वर्षी बाल्टिमोरकडून, म्हणजे पुन्हा मायनरमध्ये, ५४ होमरन मारले, त्यात दोनदा एकाच सामन्यात चार-चार. १९८४ ला अमेरिकेतल्या बेसबॉल संशोधकांच्या संस्थेने मायनर लीगच्या इतिहासातला सर्वश्रेष्ठ खेळाडू म्हणून त्यालाच निवडलं.

दुसरा जिगर स्टॅट्झ. लॉस एंजेलिस एंजल्सकडे अठरा हंगाम. हातमोज्याच्या तळव्याचं कातडं कापून टाकायचा, चेंडू उघड्या तळहाताला लागला पाहिजे म्हणून. सेंटरफिल्डला उभा राहून! पीसीएलमध्ये ३,३५६ हिट. मेजर लीगमध्येही आठ हंगाम खेळला, तिथे ७३७. बेरीज करा, ४,०९३. मेजरमध्ये त्याला कुणी ओळखत नाही, पण लॉस एंजेलिसमध्ये एक अख्खी पिढी त्याला बघत म्हातारी झाली. कूपर्सटाउनच्या मोठ्या हॉलला, म्हणजे बेसबॉलच्या राष्ट्रीय हॉल ऑफ फेमला, हे मोजता येत नाही, कारण त्यांची फूटपट्टी मेजरची. मग मोजणार कोण? जिथे तो खेळला तिथलीच माणसं. प्रादेशिक हॉलचं काम हेच. कूपर्सटाउनला जे जमलं नाही त्यांची सोय लावणं हे नव्हे.

@फिरकी_पटू, शिवलकरांबद्दलचा आदर पूर्ण मान्य. पण एक फरक आहे. रणजी ही निवड समितीच्या डोळ्यांसमोरची पायरी, तिथे प्रत्येकजण वर बघत असतो. शिवलकरांना संधी नाकारली गेली. स्टॅट्झला, शेलेनबॅकला तसं म्हणता येत नाही. त्यांच्यासमोर एक पूर्ण, पैसे देणारं, प्रेक्षकांनी भरलेलं दुसरं घर होतं. १९४६ ला एकट्या सील्सच्या घरच्या सामन्यांना साडेसहा लाखांच्या वर लोक आले. त्या सुमारास पीसीएलचे अध्यक्ष पँट्स रोलंड उघड मागणी करत होते की आम्हालाच तिसरी मेजर लीग माना.

---

शुंभ

रोलंडसाहेबांचं नाव 'पँट्स' आणि त्यांच्याच कारकिर्दीत हॉलिवूड स्टार्स संघ १९५० ला हाफ चड्ड्या घालून मैदानात उतरला! नियती म्हणतात ती हीच. घसरत बेस गाठायचा खेळ आणि गुडघे उघडे. मांड्या सोलवटून निघाल्या असणार.

त्या संघाचा एक मालक बॉब कॉब, ब्राउन डर्बी हॉटेलवाला. ज्याच्या नावाचं कॉब सॅलड आपण अमेरिकेत गेल्यावर 'काहीतरी हलकं' म्हणून मागवतो आणि वरून बेकन, अंडं, चीज बघून हबकतो, तोच हा. बाकी चालू द्या.

---

जुनं_खोड

मी सत्तरच्या दशकापासून सॅन फ्रान्सिस्कोत. इथे आलो तेव्हा सील्स स्टेडियम पाडून जमाना झाला होता. सोळाव्या रस्त्यावर, ब्रायंटच्या कोपऱ्यावर होतं ते. १९५९ ला पाडलं. आज तिथे शॉपिंग सेंटर आहे, सेफवे आहे. आमची ही त्या सेफवेतून वर्षानुवर्षं कोथिंबीर आणते. पार्किंगमध्ये गाडी लावताना मी तिला दर वेळी सांगायचो की डिमॅजियो इथे कुठेतरी उभा राहायचा. ती म्हणायची, पिशव्या घ्या.

पश्चिमवाऱ्यांनी १९५७ चं कोडं घालून ठेवलंय, ते मी सोडवतो. १९५८ ला ब्रुकलिन डॉजर्स लॉस एंजेलिसला आले, न्यूयॉर्क जायंट्स सॅन फ्रान्सिस्कोला. १५ एप्रिलला पहिला सामना याच सील्स स्टेडियमवर झाला, जायंट्सने ८-० ने जिंकला. विमानांनी अंतर मिटवलं होतं, आणि टीव्हीने घरबसल्या मेजर दाखवायला सुरुवात केली होती. पीसीएलच्या मोक्याच्या गावांतून पीसीएललाच उठावं लागलं. सील्स फिनिक्सला गेले, हॉलिवूड स्टार्स सॉल्ट लेकला, एंजल्स स्पोकॅनला. ज्या लीगचा कणाच काढला तिचं हॉल कोण चालवणार?

आणि एक नाव राहिलं, लेफ्टी ओ'डूल. सॅन फ्रान्सिस्कोचाच, कसाईवाड्यातला. मेजरमध्ये कारकिर्दीची सरासरी .३४९, १९२९ ला .३९८. १९३५ ते १९५१ सील्सचा मॅनेजर. डिमॅजियोबद्दल त्याला विचारलं की म्हणायचा, मी त्याला काही शिकवलं नाही, हात लावला नाही हेच माझं काम. जपानमध्ये बेसबॉल रुजवण्यात त्याचा मोठा वाटा. महायुद्धानंतर, १९४९ ला, अख्खा सील्स संघ घेऊन जपानच्या दौऱ्यावर गेला. ज्या देशाशी चार वर्षांपूर्वी लढाई होती तिथे! २००२ ला जपानच्या हॉल ऑफ फेमने त्याला घेतलं. कूपर्सटाउनने अजून नाही. म्हणजे टोकियोला कळलं ते कूपर्सटाउनला कळेना. जायंट्सच्या आजच्या मैदानाशेजारी थर्ड स्ट्रीटचा लोखंडी उचलपूल आहे ना, त्याचं नाव लेफ्टी ओ'डूल पूल. ऑफिस गाठायला त्यावरून रोज चालणारे आपले आयटीवाले शेकड्याने असतील.

---

मृण्मयी_सिएटल

काका, सील्स स्टेडियमचे दिव्यांचे मनोरे आणि खुर्च्या आमच्या सिएटलजवळच्या टॅकोमाला नेल्या. १९६० ला चेनी स्टेडियम झपाट्याने बांधलं तेव्हा ते सामान तिथे वापरलं. टॅकोमा रेनियर्स अजूनही पीसीएलमध्येच खेळतो. आम्ही पोरांना घेऊन उन्हाळ्यात जातो तिथे.

---

शमा_ओकलंड

आठवणींच्या गोडव्यात थोडं मीठ टाकते. "जिथे तो खेळला तिथलीच माणसं मोजतील" हे ऐकायला बरं वाटतं. पण तिथे खेळायला कुणाला दिलं जात होतं?

१९१६ चा मे महिना. ओकलंड ओक्सने जिमी क्लॅक्स्टन नावाचा पिचर घेतला. रंग सावळा. त्याला 'इंडियन' म्हणजे अमेरिकेतला मूलनिवासी म्हणून नोंदवलं होतं. २८ मेच्या जोडसामन्यांत त्याने दोन्ही वेळा थोडी थोडी पिचिंग केली. काही दिवसांत बातमी फुटली की त्याच्या रक्तात कृष्णवर्णीय वारसाही आहे, आणि त्याला काढलं. पण त्याच आठवड्यात झी-नट नावाच्या सॅन फ्रान्सिस्कोच्या मिठाईवाल्यांचा छायाचित्रकार मैदानावर येऊन गेला होता. त्यांच्या पुड्यांत खेळाडूंची चित्रं निघायची. त्यामुळे क्लॅक्स्टनचं कार्ड छापलं गेलं. संघाने आठवड्यात विसरलेला माणूस पुठ्ठ्यावर राहिला, आणि ते कार्ड आज संग्राहकांमध्ये सोन्याच्या भावाने जातं.

त्यानंतर थेट १९४८. सॅन डिएगोचा जॉन रिची, कॅचर, पीसीएलमधला पहिला उघडपणे कृष्णवर्णीय खेळाडू. मधली बत्तीस वर्षं दार बंद. आर्लेटची, स्टॅट्झची, शेलेनबॅकची सगळी कारकीर्द याच बत्तीस वर्षांत बसते! आणि १९४९ ला आर्टी विल्सन ओकलंडला आला तो .३४८ ने लीगचा सर्वोत्तम बॅटर ठरला. पहिल्याच वर्षी. असे आणखी किती जण आधी इथे हे करू शकले असते?

१९४३ ची पहिली निवड ज्यांनी केली त्यांच्यासमोर हे प्रश्नच नव्हते. म्हणून मला २००३ चं पुनरुज्जीवन जास्त महत्त्वाचं वाटतं. शताब्दीच्या निमित्ताने का होईना, यादी पुन्हा उघडली.

---

सांख्यिक

शमा, हा मुद्दा माझ्या बाजूचा की पश्चिमवाऱ्यांच्या? मला वाटतं माझ्या. निम्मी गुणवत्ता दाराबाहेर ठेवून केलेले विक्रम हे.

---

शमा_ओकलंड

मेजरमध्येही १९४७ पर्यंत कृष्णवर्णीयांना दार बंदच होतं. मग कूपर्सटाउनमधले १९४७ आधीचे सगळेही काढा बाहेर. बेब रूथपासून सुरुवात करू या. आहे तयारी?

---

सांख्यिक

नाही. :) पण मग माझा दुसरा प्रश्न उरतो. २००३ नंतर या हॉलमध्ये घेणार कुणाला? आजचा चांगला खेळाडू ट्रिपल-एमध्ये फार तर दीड हंगाम राहतो. दहा वर्षं राहिला तर त्याचं काहीतरी बिघडलंय असं सगळे समजतात, तो स्वतःही.

---

पश्चिमवारा

हा खरा प्रश्न, आणि याला माझ्याकडे गोड उत्तर नाही.

आर्लेटचा ४३२ होमरनचा आकडा २०१५ ला माइक हेसमनने मोडला. तो मुख्यतः दुसऱ्या लीगमधला, टोलेडोकडून खेळत होता. ४३३ वा होमरन, तोही बेस भरलेले असताना. मेजरमध्ये त्याचे एकूण १४. त्याचं कौतुक झालं, पण कौतुकात कणव होती, बातम्या वाचून पाहा. आर्लेटबद्दल ओकलंडमध्ये तेव्हा कुणाला कणव वाटत नव्हती. हेसमनला कुणी ठेवून घेतलं नव्हतं. वरच्या संघांना तिसऱ्या बेसवर एक भरवशाचा अनुभवी माणूस लागायचा, म्हणून तो राहिला. मैदान, प्रेक्षक, गाव तेच असलं तरी संघ गावाचा उरलेला नाही. कोण खेळणार, पिचरने किती चेंडू टाकायचे, कुणाला कुठे उभं करायचं, सगळं वरून ठरतं. सामना जिंकणं हा दुय्यम उद्देश.

२०२१ ला तर मेजर लीगने मायनरचा कारभारच हातात घेतला. १६० बांधील संघ होते ते १२० केले. शंभर वर्षांची नावं पुसली. पीसीएलचं त्या वर्षी नाव काय होतं माहीत आहे? 'ट्रिपल-ए वेस्ट'. कचेरीतल्या फायलीसारखं. ओरड झाली तेव्हा २०२२ ला जुनं नाव परत दिलं. पगाराच्या बाबतीत मात्र २०२३ ला खेळाडूंच्या संघटनेने पहिला करार केला, ट्रिपल-एच्या किमान वार्षिक पगारात १७,५०० वरून ३५,८०० डॉलर अशी दुपटीने वाढ झाली, हे चांगलं झालं.

तेव्हा सांख्यिक, माझं म्हणणं असं: हे हॉल १९५७ ला बंद पडलं ते एका अर्थी बरोबर होतं. ज्या तऱ्हेच्या खेळाडूसाठी ते काढलं होतं ती तऱ्हाच संपली. २००३ नंतर त्यात मागे राहून गेलेले लोक घ्यावेत, शमा म्हणतात तसे. आजच्या पोरांना ओढूनताणून घेऊ नये. त्यांनाही ते नकोच असेल.

---

मृण्मयी_सिएटल

इथे मी असहमत. टॅकोमाला गेलात तर दिसेल, मॅनेजर, रेडिओवर सामना सांगणारे, गवत राखणारे असे लोक तिथे वीस-वीस वर्षं आहेत. खेळाडू येतात नि जातात, लीग हे लोक धरून ठेवतात. त्यांना घ्या.

---

सांख्यिक

समालोचक आणि माळी चालतील. त्यांची सरासरी काढता येत नाही.

---

फिरकी_पटू

बझ आर्लेटवर एक स्वतंत्र लेख येऊ द्या बुवा. पिचिंग संपल्यावर बॅटर झालेला माणूस म्हणजे आपल्याकडे रवी शास्त्रीच की, फक्त शास्त्री दहाव्या क्रमांकावरून सलामीला गेला.

---

कोकणकडा

माझ्या मुलीकडे जुलैत सॅन होजेला येतोय. सॅक्रामेंटोला एक सामना बघावा म्हणतो. तिकीट, दिवस, काय ते सांगा. आणि उन्हात बसवू नका.

---

पश्चिमवारा

या की! सोमवार सोडून या. मायनर लीगमध्ये आता मंगळवार ते रविवार एकाच पाहुण्या संघाशी सलग सहा सामने असतात, सोमवारी प्रवास. जुन्या पीसीएलमध्येही असंच असायचं, आठवडाभर एकाच गावात मुक्काम आणि रविवारी जोडसामना. तेव्हा आगगाडीचं भाडं वाचवायला करायचे, आता खर्च आणि खेळाडूंची दमछाक वाचवायला करतात.

तिकीट काढताना संघाचं नाव नीट बघा. २०२५ पासून ओकलंड सोडून आलेला अ‍ॅथलेटिक्स हा मेजर संघ लास व्हेगासचं मैदान तयार होईपर्यंत रिव्हर कॅट्सच्याच मैदानावर घरचे सामने खेळतोय. त्याची तिकिटं बरीच महाग. संध्याकाळचा सामना घ्या, तिसऱ्या बेसच्या बाजूला बसा, तिकडे सावली लवकर येते. दुपारी पारा चाळीसला टेकतो, पण सात-साडेसातनंतर खाडीकडून वारा सुटतो. मुलीला म्हणावं गाडी नदीच्या अलीकडे, जुन्या सॅक्रामेंटोत लाव. टॉवर ब्रिजवरून चालत दहा मिनिटं.